नवापैकी नऊ जिंकले आणि घरी बसले: सॅन फ्रान्सिस्कोच्या डॉन्सचा १९५१चा हंगाम

धुक्यातला_माणूस (धागाकर्ता)

रोज सकाळी मी केझार स्टेडियमला चकरा मारायला जातो. घरापासून दहा मिनिटं, गोल्डन गेट पार्कच्या कोपऱ्यात. जुनं साठ हजारांचं स्टेडियम १९८९ मध्ये पाडलं, आता तिथे आटोपशीर मैदान आणि धावपट्टी आहे. मैदानाला बॉब सेंट क्लेअर यांचं नाव आहे, हे पहिली दोन वर्षं माझ्या लक्षातही आलं नव्हतं. एका धुक्याच्या सकाळी सोबत चालणाऱ्या म्हाताऱ्या गृहस्थांना विचारलं, हे कोण? ते थांबले, टेकडीच्या दिशेने हात केला आणि म्हणाले, "वरच्या कॉलेजचा पोरगा. एक्कावन्नचा." आमच्याकडे 'त्र्याऐंशीचा' म्हटलं की जसं लॉर्ड्स आलंच, तसा सूर होता. मला अर्थातच काही कळलं नाही. घरी येऊन वाचत बसलो, आणि आता तुम्हाला पिडतोय.

वरचं कॉलेज म्हणजे युनिव्हर्सिटी ऑफ सॅन फ्रान्सिस्को. जेझुइट पाद्र्यांनी १८५५ मध्ये काढलेलं, छोटं, पैशांची कायम ओढाताण. त्यांच्या अमेरिकन फुटबॉल संघाचं नाव डॉन्स. प्रशिक्षक जो कुहारिच, स्वतः नोत्र दामकडून खेळलेला, कडक म्हणजे कडक. हंगामाआधीचं शिबिर त्यानं कॉर्निंग नावाच्या ऑलिव्हच्या गावात लावलं. सॅन फ्रान्सिस्कोच्या थंड धुक्यात वाढलेली पोरं तिथल्या ऑगस्टच्या भट्टीत भाजून निघाली.

पोरं तरी कशी? महायुद्ध संपून सहाच वर्षं झालेली. जिनो मार्केटी जर्मनीच्या हद्दीवर बल्जच्या लढाईत मशीनगन चालवून आलेला. परत येऊन बापाच्या गावी बार चालवला, मग मोटरसायकलवर बसून कॉलेजला आला. सहा फूट नऊ इंचांचा सेंट क्लेअर कच्चं मांस खायचा (ही अफवा नाही, तो म्हातारपणीही खायचा). बर्ल टोलर मेम्फिसचा. ऑली मॅटसन टेक्सासात जन्मलेला, लहानपणी आईबरोबर इकडे आलेला. टोलर आणि मॅटसन आधी इथल्याच सिटी कॉलेजकडून एकत्र खेळले होते. संघात कृष्णवर्णीय असे हे दोघेच. आणि संघाची प्रसिद्धी सांभाळायला पंचविशीतला एक बारीकसा पोरगा होता, पीट रोझेल. हे नाव लक्षात ठेवा.

हंगाम थोडक्यात सांगतो, कारण बरेच सामने एकतर्फीच झाले. सॅन होजे स्टेटला ३९-२. त्यांनाच पुन्हा एकदा झोडपलं. नौदल आणि मरीनच्या तळांवरचे संघ हरवले. अटीतटीचा सामना एकच, न्यूयॉर्कला फोर्डमशी. पूर्वेकडच्या पत्रकारांनी मॅटसनला पाहिलेलंच नव्हतं आणि त्या काळात पूर्वेनं पाहिलं नाही म्हणजे देशानं पाहिलं नाही. मॅटसननं त्यांच्यासमोर किकऑफ (समोरच्यांनी लाथेनं उडवलेला चेंडू) झेलून मैदानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पळत नेला. एकदा नाही, दोनदा, दोन्ही वेळा नव्वद यार्ड किंवा जास्त. तरी सामना ३२-२६ असा काठावरच सुटला.

मग स्टॉकटनला कॉलेज ऑफ द पॅसिफिक. चाळीस हजारांवर लोक. पॅसिफिक तगडा संघ होता आणि बोल सामन्यांच्या आमंत्रणांवर दोघांचाही डोळा होता. निकाल ४७-१४. शेवटचा सामना लोयोलाशी, पॅसाडेनाच्या रोज बोल स्टेडियमवर, २०-२. नवापैकी नऊ. मॅटसनचे चेंडू घेऊन पळालेले १,५६६ यार्ड आणि २१ टचडाउन (चेंडू समोरच्या टोकापलीकडे नेला की एक), दोन्हींत देशात पहिला. देशातल्या सर्वोत्तम कॉलेज खेळाडूच्या हाइजमन पुरस्काराच्या मतदानात मात्र नववा.

आता मुद्द्याचं. आमंत्रण आलं नाही. कुहारिचनं पोरांना सांगितलं की दक्षिणेतल्या बोलला जायचं तर मॅटसन आणि टोलरला मागे ठेवावं लागेल. मतदान वगैरे झालं नाही. पोरं नाही म्हणाली आणि विषय संपला. वर्ष संपता संपता कॉलेजनं फुटबॉलच बंद करून टाकला.

मला यातला 'विषय संपला' हा भाग सोडवत नाही. त्यावरच चर्चा व्हावी म्हणून धागा.

---

शर्वरी_के

मस्त लिहिलंय. पण माझ्यासारख्या अज्ञ बाईसाठी दोन प्रश्न. एक, हातात धरून पळतात त्याला फुटबॉल का म्हणतात? (उत्तर नसेल तर सोडून द्या, नवऱ्यालाही देता आलेलं नाही.) दोन, बोल म्हणजे नक्की काय? फायनल का?

---

धुक्यातला_माणूस

पहिल्याला पास. दुसरं: फायनल नव्हे. त्या काळी कॉलेज फुटबॉलला फायनल नव्हतीच. पत्रकार मतं देऊन क्रमांक लावत. डॉन्स शेवटच्या यादीत चौदावे होते. हंगाम संपल्यावर, नवीन वर्षाच्या आसपास, उबदार गावांतल्या समित्या दोन-दोन संघांना बोलावून मोठा सामना भरवत. मायामीत ऑरेंज बोल, न्यू ऑर्लीन्समध्ये शुगर, जॅक्सनव्हिलमध्ये गेटर. कोणाला बोलवायचं हे सर्वस्वी समितीच्या मर्जीवर. आपल्याकडच्या जत्रेतल्या कुस्त्यांसारखं: पंच मंडळी ठरवणार कोणाची जोड लावायची आणि इनाम किती. बोलावणं आलं की कॉलेजला भरघोस पैसे आणि वर्षभर नाव.

---

अक्का_डोंबिवली

म्हणजे पोरांना बोल मिळाला नाही, वर चौदावे म्हणून बोल लागला. वाचनखूण साठवली.

---

शंकासुर

लेख चांगला आहे, पण थोडं थांबू या.

या गोष्टीतला 'दोघांना सोडून या, मग बोलावतो' हा प्रसंग बहुतांशी खेळाडूंनी पुष्कळ वर्षांनी सांगितलेल्या आठवणींवर उभा आहे. आठवणी कशा गोळीबंद होत जातात हे आपल्या घरातल्या स्वातंत्र्यसैनिकांच्या गोष्टींवरून माहीत आहे. दुसरं, समित्यांकडे सोयीचं कारण होतं: वेळापत्रक कमजोर. आणि ते अगदीच खोटं नव्हतं. सॅन होजेशी दोनदा खेळलात, लष्करी तळांच्या संघांशी खेळलात, बलाढ्य असं कोणाशी? चौदावा क्रमांक उगाच नाही आला.

तिसरं. धागाकर्त्यांनी पॅसिफिकचा उल्लेख केला पण पुढचं सांगितलं नाही. ४७-१४ नं हरलेल्या त्याच पॅसिफिकला एल पासोच्या सन बोलचं बोलावणं आलं. टेक्सास टेकशी खेळले आणि २५-१४ नं हरले. आणि पॅसिफिककडून एडी मेकन हा कृष्णवर्णीय खेळाडू त्या सामन्यात उतरला होता. टेक्सासात! मग 'रंगामुळे नाकारलं' हे इतकं सरळ आहे का?

---

पेन्सिल्व्हेनियाकर

शंकासुर, मेकनचा मुद्दा चांगला आहे, पण तो उलट बाजूनं पाहा. त्याच सन बोलनं १९४८च्या शेवटी आमच्या राज्यातल्या लाफायेत कॉलेजला बोलावलं होतं. संघात डेव्हिड शोवेल हा कृष्णवर्णीय खेळाडू होता, त्याला खेळवता येणार नाही म्हटल्यावर लाफायेतनं आमंत्रण परत केलं. म्हणजे तीन वर्षांत एल पासोचा दरवाजा किलकिला झाला. मायामी आणि न्यू ऑर्लीन्सचा झाला नव्हता. दक्षिण म्हणजे एकच एक भिंत नव्हती, प्रत्येक गावाची वेगळी कडी होती.

मी पेन स्टेटचा, त्यामुळे आमचंही सांगतोच. १९४६ मध्ये आमचा मायामीशी सामना ठरला होता. कृष्णवर्णीय खेळाडू नकोत असं समजलं आणि संघानं सामनाच रद्द केला. १९४८च्या नवीन वर्षाला मात्र वॉली ट्रिपलेट आणि डेनिस हॉगार्ड डॅलसला कॉटन बोलमध्ये उतरले, एसएमयूशी (सदर्न मेथडिस्ट विद्यापीठ) १३-१३ अशी बरोबरी झाली. सगळा संघ हॉटेलऐवजी नौदलाच्या तळावर राहिला, कारण एका छपराखाली राहायचं तर गावात सोय नव्हती.

आणि १९५१चंच बघायचं तर ऑक्टोबरात ओक्लाहोमात जॉनी ब्राइट या कृष्णवर्णीय खेळाडूचा जबडा फोडला होता. चेंडू त्याच्याजवळ नसताना. डे मॉइनच्या दैनिकाच्या छायाचित्रकारांनी ते टिपलं, पुलित्झर मिळालं. डॉन्सची पोरं पेपर वाचत असणारच. दक्षिणेत जाऊन खेळणं म्हणजे काय, याचा फोटोच त्यांच्यासमोर होता.

---

धुक्यातला_माणूस

शंकासुर, आठवणींवर विसंबू नका म्हणता, मान्य. मग आठवणी बाजूला ठेवू आणि प्रत्यक्षात कोणाला बोलावलं ते पाहू. १ जानेवारी १९५२:

शुगर बोल, मेरीलँड आणि टेनेसी. ऑरेंज बोल, जॉर्जिया टेक आणि बेलर. गेटर बोल, मायामी आणि क्लेमसन.

सहाही संघ पूर्ण गोरे. एकही अपवाद नाही. मायामी तर त्या हंगामात तीन सामने हरलेला. तीन हरलेल्याला बोलावणं आणि एकही न हरलेल्याला नाही, तेव्हा वेळापत्रकाचं कारण कुठवर ताणायचं? शिवाय त्याच आठवड्यांत एका क्रीडा समालोचकानं उघडपणे सांगितलं होतं की या तिन्ही समित्यांना कृष्णवर्णीय खेळाडू असलेला संघ नको आहे. म्हणजे हे नंतर सुचलेलं नाही.

'दोघांना सोडून या' हा निरोप नेमक्या कोणत्या शब्दांत आला यावर वाद घाला, माझी हरकत नाही. वेळापत्रकाबद्दल तुमचं अर्धं बरोबर आहे हेही कबूल. चौदाव्या क्रमांकाच्या संघाला नाकारायला कारण शोधावं लागत नाही, हीच तर सोय होती.

---

शंकासुर

सहा संघांची यादी पटली. मायामीच्या तीन पराभवांचा मुद्दा मला माहीत नव्हता. शब्दांबद्दलची शंका राखून ठेवतो, नाव टिकवायला हवं ना.

---

सडेतोड_सोलापूर

इथे आपल्या गल्लीत काय चाललंय ते सोडून सत्तर वर्षांपूर्वीच्या अमेरिकन कॉलेजचं कौतुक. तिकडे राहणाऱ्यांना तिकडचं सोनं वाटणारच.

---

धुक्यातला_माणूस

कौतुक कॉलेजचं केलेलं नाही. कॉलेजनं तर दुकानच बंद केलं.

---

जुना_हिशेबनीस

त्या दुकानाबद्दल थोडं बोलतो. आयुष्य ताळेबंद जुळवण्यात गेलं, त्यामुळे हा धागा वाचताना माझं लक्ष टचडाउनकडे कमी आणि खर्चाकडे जास्त होतं.

'बोलला नकार दिला म्हणून पैसे बुडाले, म्हणून फुटबॉल बंद झाला' अशी एक लाडकी साखळी सांगितली जाते. त्या वर्षी डॉन्सची तूट सत्तर हजार डॉलरच्या घरात होती. ऑरेंज किंवा शुगर बोलच्या पैशानं ती भरून निघाली असती. पण एका वर्षाची! पुढल्या वर्षी काय?

आजूबाजूला बघा. पलीकडच्या सेंट मेरीजनं १९५० नंतर बंद केलं. जॉर्जटाउननंही तेव्हाच. लोयोलानं डॉन्सबरोबरच गाशा गुंडाळला. सांता क्लारा १९५२ नंतर, फोर्डम १९५४ नंतर. म्हणजे डॉन्सनी ज्यांना हरवलं त्यातलेच तीन संघ दोन-तीन वर्षांत बुडाले. सगळी शहरातली, कॅथलिक, सरकारी पैसा नसलेली कॉलेजं. ही साथ होती, एकट्याचा ताप नव्हे.

कारणं तीन दिसतात. एक, त्या काळात खेळाडू हवे तितके बदलता येत, त्यामुळे हल्ल्याला वेगळा संघ आणि बचावाला वेगळा. खेळाडू दुप्पट, शिष्यवृत्त्या दुप्पट, बूट दुप्पट. हा नियम १९५३ मध्ये आवळला, तोवर यांची तिरडी बांधून झाली होती. दोन, सॅन फ्रान्सिस्कोत १९४६ पासून फोर्टीनाइनर्स हा व्यावसायिक संघ आला होता आणि तोही याच केझारवर खेळायचा. ज्याच्या खिशात एकाच तिकिटाचे पैसे आहेत तो कोणाचं काढेल? तीन, टीव्ही घरात शिरू लागला होता.

साठ हजारांच्या मैदानात मूठभर लोक बसले की भाडं सुटत नाही, मग वर मॅटसन पळत असो की घोडा. तेव्हा पोरांच्या नकारानं फुटबॉल मेला, असं म्हणून त्यांच्या डोक्यावर आणखी एक ओझं ठेवू नका. होकार दिला असता तरी तो दोन-तीन वर्षांत गेलाच असता.

---

शर्वरी_के

हिशेबनीस काका, हे वाचून उलट जास्त वाईट वाटलं. म्हणजे पोरांना वाटलं असेल की आपण नाही म्हणालो आणि आपलं घर गेलं. आणि घर तसंही जाणारच होतं.

---

जुना_हिशेबनीस

हो ताई. फक्त त्या डिसेंबरात ते कोणाला कळणार होतं? 'या चेकनं वाचू' असंच वाटत असणार. वाचण्याची आशा असताना नाही म्हणाले. हिशेबाच्या वहीत याला रकाना नाही.

---

रांगडा_सांगलीकर

आवो ते ऑली मॅटसन म्हणजे १९५२च्या हेलसिंकीतलं काय? आमच्या तालमीत हेलसिंकीचं नाव निघालं की लय कान टवकारतात म्हणून विचारतोय.

---

धुक्यातला_माणूस

अगदी तोच! हे मी दुसऱ्या प्रतिसादासाठी राखून ठेवलं होतं, तुम्ही काढून घेतलंत. नोव्हेंबरात फुटबॉल संपला आणि जुलैत गडी हेलसिंकीला ४०० मीटर धावला. कांस्य. पुढे जमैकाचे रोडन आणि मॅकेन्ली. शिवाय ४ × ४०० रिलेत रौप्य.

---

रांगडा_सांगलीकर

म्हणजे आपल्या खाशाबा जाधवांच्या शेजारचं कांस्य की वो! त्याच गावात, त्याच आठवड्यात. एक गोळेश्वरचा, एक टेक्सासचा. जेवणाच्या रांगेत मागं-पुढं उभं राहिले असतील का काय कोण जाणं.

सडेतोड भाऊ, घ्या तुमची गल्ली आली. खाशाबांना हेलसिंकीला जायला पैशे नव्हते. राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी घर गहाण टाकून सात हजार दिलं, हे आमच्याकडं शेंबडं पोरगंबी सांगतं. पदक घेऊन आलं तवा कराड स्टेशनापासनं बैलगाड्यांची मिरवणूक निघाली, शंभरावर गाड्या. आणि पुढं? पोलिसात नोकरी, आणि अर्जुन पुरस्कार मेल्यावर, ते १९८४ ला गेले त्यानंतर लय वर्षांनी.

---

सडेतोड_सोलापूर

खाशाबांपुढे बोलायची आपली टाप नाही. शब्द मागे.

---

पेन्सिल्व्हेनियाकर

अवांतर होतंय, पण एक फरक नोंदवतो. खाशाबांना घर गहाण ठेवणारा प्राचार्य मिळाला. डॉन्सच्या पाद्र्यांनी संघ बंद केला, पण तोच कॅम्पस चार वर्षांनी बास्केटबॉलमध्ये देशात पहिला आला, १९५५ आणि १९५६ लागोपाठ. बिल रसेल आणि के. सी. जोन्स. दोघेही कृष्णवर्णीय. बास्केटबॉलला पाचच गडी लागतात, हे हिशेबनीसांसाठी.

---

जुना_हिशेबनीस

आणि बूटही पाचच जोड. पटलं.

---

अक्का_डोंबिवली

ते बारीकसं प्रसिद्धीवालं पोरगं राहिलं ना? 'नाव लक्षात ठेवा' म्हणालात, मी ठेवलंय. आता सांगा.

---

धुक्यातला_माणूस

सांगतो अक्का. आधी बाकीच्यांचं.

कुहारिच शिकागो कार्डिनल्स या व्यावसायिक संघाचा प्रशिक्षक झाला आणि मॅटसनही त्याच संघात गेला. सेंट क्लेअरचं एक वर्ष शिल्लक होतं, ते त्यानं टल्सा विद्यापीठाकडून काढलं आणि परत येऊन फोर्टीनाइनर्सकडून खेळला. म्हणजे शाळा, कॉलेज आणि व्यावसायिक, तिन्ही वेळा घरचं मैदान केझारच. मैदानाला नाव का, ते आता कळलं. मधल्या काळात शेजारच्या डेली सिटीचा महापौरही होऊन गेला. मार्केटी बाल्टिमोर कोल्ट्सचा. १९५८ च्या प्रसिद्ध अंतिम सामन्यात पाय मोडला तरी स्ट्रेचरवरून बाजूला बसून सामना पाहत राहिला. पुढे त्याच्या नावाची हॅम्बर्गरची दुकानं निघाली. मॅटसन, मार्केटी आणि सेंट क्लेअर, तिघंही व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत. एका कॉलेज संघातले तिघं.

रोझेल लॉस एंजलिस रॅम्सचा व्यवस्थापक झाला आणि १९५९ मध्ये त्यानं मॅटसनला मिळवायला एका माणसाच्या बदल्यात नऊ जण दिले. त्याच्यावर हसले लोक. पुढच्याच वर्षी तो अख्ख्या एनएफएलचा, म्हणजे व्यावसायिक फुटबॉलच्या लीगचा, आयुक्त झाला आणि १९८९ पर्यंत राहिला. सुपर बोल, म्हणजे व्यावसायिक फुटबॉलची फायनल, त्याच्याच कारकिर्दीतला.

आणि टोलर. सोबती सांगत, आमच्यात सगळ्यात भारी तोच होता. क्लीव्हलंड ब्राउन्सनं त्याला निवडलं होतं. १९५२ च्या उन्हाळ्यात कॉलेजवीरांच्या प्रदर्शनी सामन्यात गुडघा गेला. व्यावसायिक सामना एकही खेळला नाही. सॅन फ्रान्सिस्कोत मास्तर झाला, मग मुख्याध्यापक. आणि १९६५ मध्ये एनएफएलचा पहिला कृष्णवर्णीय पंच, पुढे पंचवीस वर्षं. शनिवार-रविवारी देशभर शिट्टी, सोमवारी सकाळी शाळेत हजेरी.

अमेरिकी सिनेटनं २००० मध्ये या संघासाठी ठराव केला. २००६ मध्ये कॉलेजनं हयात असलेल्यांना मानद पदव्या दिल्या. म्हातारी मंडळी काळे झगे घालून उभी, हे फोटो बघून मला बरं वाटण्याऐवजी भलतंच काहीतरी झालं.

---

शंकासुर

एक शेवटची शंका. त्या दोघांना स्वतःला काय वाटलं असेल? बाकीच्या तीस-चाळीस जणांचा बोल आपल्यामुळे गेला, असं?

---

धुक्यातला_माणूस

त्यांच्या मनातलं मी कसं सांगू? घडलेलं एक सांगतो, ते मला कालच लक्षात आलं.

डॉन्सचा शेवटचा सामना पॅसाडेनाला रोज बोल स्टेडियमवर झाला, हे वर लिहिलंय. भाड्यानं घेतलेलं मैदान, प्रचंड मोठं, बहुतेक खुर्च्या रिकाम्या. टोलर त्या दिवशी कॉलेजकडून शेवटचा खेळला.

२० जानेवारी १९८० ला त्याच मैदानावर चौदावा सुपर बोल झाला, पिट्सबर्ग विरुद्ध रॅम्स. लाखावर माणसं. पंचांच्या चमूत पांढऱ्या-काळ्या पट्ट्यांच्या सदऱ्यात बर्ल टोलर होता, सुपर बोलमध्ये उतरलेला पहिला कृष्णवर्णीय पंच. सामना संपल्यावर चषक द्यायला आयुक्त आला. पीट रोझेल.